पूर्व जर्मनीतलं रोजचं जगणं: सक्ती कुठपर्यंत होती आणि मोकळीक कुठे मिळे?

शिसपेन्सिल (धागाकर्ता)

समाजवादी राजवटींचा विषय निघाला की आपल्याकडे गाडी एक तर भिंत, गुप्त पोलीस आणि तुरुंगाकडे वळते, नाहीतर स्वस्त पाव आणि पाळणाघरांकडे. या दोहोंमधला मोठा भाग राहून जातो. सामान्य माणसाला रोज नेमकं काय करावं लागे, काय टाळता येई आणि टाळलं तर त्याची किंमत कधी व कुठे मोजावी लागे, यासाठी हा धागा. पसारा नको म्हणून देश एकच घेऊ: पूर्व जर्मनी, १९४९ ते १९९०. कृपया नेमकं लिहा. कायदा असेल तर वर्ष द्या, वस्तू असेल तर माप द्या.

सुरुवात मतदानापासून करतो, कारण सगळ्या व्यवस्थेचा नमुना त्यात दिसतो.

मतपत्रिकेवर 'राष्ट्रीय आघाडी'ची (सत्ताधारी पक्ष आणि त्याच्या सोबतचे पक्ष-संघटना) एकच यादी असे. हो किंवा नाही असे रकाने नसत, फक्त नावं. मतदार केंद्रावर जाई, ओळखपत्र दाखवी, यादीत त्याच्या नावापुढे खूण होई, पत्रिका हातात येई. ती तशीच घडी घालून पेटीत टाकली की झालं 'हो'. लोक मतदानाला 'चिठ्ठी दुमडणं' म्हणत ते यामुळेच. 'नाही' म्हणायचं तर यादीतलं एकूण एक नाव खोडावं लागे. त्यासाठी लागे पेन्सिल आणि आडोसा. आडोसा कायद्याने होताच, पण बहुधा खोलीच्या पार दुसऱ्या टोकाला. तिकडे चालत गेलेला माणूस सगळ्यांना दिसे, आणि त्याची नोंदही होऊ शके. मत गुप्त राही, चालणं गुप्त राहत नसे.

घरी बसणं हाही मार्ग होता. पण दुपारनंतर कार्यकर्ते दार वाजवत आणि फिरती पेटी घेऊन जिन्यात उभे राहत. अधिकृत मतदान ९८ टक्क्यांच्या वर जाई ते असं.

माझं म्हणणं एवढंच की सक्ती प्रामुख्याने दिसणाऱ्या कृतीची होती. कुठली कृती दिसते आणि कुठली दिसत नाही, हे अचूक ठाऊक असणाऱ्याला थोडी जागा मिळे. ती जागा किती रुंद होती ते या धाग्यात मोजू.

गाळणी

चांगला धागा. 'दिसण्या'चा मुद्दा घराच्या आतही लागू होतो, म्हणून हाउसबुखबद्दल लिहितो.

प्रत्येक निवासी इमारतीत एक नोंदवही असे. रहिवाशांपैकीच एकाकडे ती सोपवलेली असे. रहिवाशाचं नाव, जन्मतारीख, व्यवसाय, ओळखपत्राचा क्रमांक, कधी आला, कधी गेला, हे सगळं तिच्यात. पाहुणा तीन दिवसांहून जास्त राहणार असेल तर त्याचीही नोंद करायची. पश्चिम जर्मनीतून किंवा परदेशातून आलेल्याची मात्र २४ तासांत. त्या भागाचा बीट पोलीस येऊन वही तपासे, आणि गुप्तचर खात्यालाही ती उघडीच होती.

सोसायटीच्या गेटवरच्या वहीशी याची तुलना करण्याचा मोह आवरा. गेटवरची वही वॉचमनपाशी पडून राहते, ही वही पोलिसांच्या कामाचा भाग होती. शिवाय ती लिहिणारा शेजारीच असल्यामुळे कोणाकडे कोण किती दिवस होतं हे जिन्यातल्या एका माणसाला कायम ठाऊक असे. पूर्व जर्मन पाहुणा दोन रात्री राहून गेला तर नियमभंग होत नसे. ही सवलत लोकांना पक्की पाठ होती.

अर्जदार

नागरिकाच्या हातातलं सर्वांत धारदार हत्यार होतं 'आइनगाबे', म्हणजे तक्रार-अर्ज. आपल्याकडे अर्ज म्हटला की तो टेबलावर धूळ खात पडणार असं गृहीत असतं. तिथे तसं नव्हतं. १९७५ च्या कायद्याप्रमाणे चार आठवड्यांत उत्तर देणं बंधनकारक होतं. प्रशासनाच्या निर्णयाविरुद्ध न्यायालयात जाण्याचा रस्ता जवळपास बंद होता (मर्यादित बाबींत तो उघडला थेट १ जुलै १९८९ ला), त्यामुळे गळक्या छतापासून गाडीच्या सुट्या भागांपर्यंत सगळं या अर्जावरच चाले. वर्षाला लाखोंनी अर्ज जात.

अर्ज लिहिण्याची एक पद्धत ठरून गेली होती. आरंभी आपण कोण ते सांगायचं: तीन पाळ्यांत काम करणारा कामगार, दोन मुलांची आई, इतकी वर्षं कामगार संघटनेची सदस्य. हा भाग फुशारकीचा नव्हे. व्यवस्थेच्या हिशोबात आपली जमेची बाजू आधी मांडून ठेवायची. मग तक्रार, पण तारखा आणि मापांसह. 'घर ओलं आहे' असं लिहून भागत नसे. कुठल्या खोलीत, कुठल्या भिंतीवर, किती चौरस मीटर बुरशी, गृहनिर्माण कार्यालयात कुठल्या तारखांना खेपा घातल्या, कोण काय म्हणालं, हे सगळं हवं. त्यानंतर राज्याचंच वचन राज्यासमोर ठेवायचं. घरांचा प्रश्न १९९० पर्यंत सोडवू, असा कार्यक्रम १९७३ मध्ये जाहीर झाला होता. त्याचा उल्लेख अर्जात आला की वाचणाऱ्याला 'हे आमच्या अखत्यारीत नाही' म्हणणं जड जाई. शेवटी मागणी, एकच आणि सुटण्याजोगी.

मग पाठवायचा कुठे? आधी खालच्या कार्यालयात, कारण वर पाठवलेला अर्ज बऱ्याचदा खालीच परत येई. तिथून उत्तर आलं नाही की वरच्याकडे, आणि मग थेट राज्य परिषदेकडे, म्हणजे देशाच्या सामूहिक राष्ट्रप्रमुखपदाकडे. 'प्रिस्मा' नावाचा दूरचित्रवाणी कार्यक्रम होता, १९६३ पासूनचा. लोक त्यालाही पत्रं धाडत. वेळ साधायची ती निवडणुकीच्या किंवा पक्षाच्या अधिवेशनाच्या तोंडावर. 'छप्पर दुरुस्त झालं नाही तर आमचं कुटुंब मतदानाला येणार नाही' हे वाक्य अर्जांत सर्रास असे आणि लागूही पडे, कारण मतदानाचा टक्का घसरला तर स्थानिक अधिकाऱ्याची मान अडके.

फसे कुठे, तर वस्तूच नसेल तिथे. कौलंच नाहीत तर अर्ज कितीही उत्तम असो, उत्तर वेळेवर येई आणि कौलं येत नसत.

उंबरठा

@अर्जदार, तपशील अचूक आहेत, पण सर्वांत मोठी अट राहिली. अर्ज एकट्याने करायचा. चाळीस कुटुंबांनी एकच अर्ज सह्या करून दिला की तीच तक्रार 'जमवाजमव' ठरू शके. तक्रारीतला शब्दही न बदलता तिचा अर्थ बदले.

उदाहरण उघड आहे. १९७६ मध्ये रीझा गावचे डॉक्टर कार्ल-हाइन्त्स नित्श्के यांनी देश सोडण्याच्या हक्कासाठी निवेदन लिहिलं आणि त्यावर इतरांच्या सह्या घेतल्या. आधार घेतला तो १९७५ च्या हेलसिंकी कराराचा (त्यात मानवी हक्कांची हमी होती), ज्यावर त्यांच्याच सरकारने सही केली होती. म्हणजे तुम्ही सांगितलेली 'राज्याचं वचन राज्यासमोर' हीच युक्ती. त्यांना अटक झाली आणि पुढच्या वर्षी पश्चिमेकडे पाठवण्यात आलं. छताबद्दल बोलताना ती युक्ती चाले, सीमेबद्दल बोलताना चालत नसे.

म्हणून 'थोडी जागा मिळे' या धागाकर्त्यांच्या वाक्याला मी एक शब्द जोडेन: एकेकट्याला.

रोहित्र

अँटेनांबद्दल कोणीच लिहिलं नाही, म्हणून लिहितो. माझ्या आवडीचा विषय आहे.

सॅक्सनी आणि थुरिंगियाच्या दक्षिण भागात पश्चिमेचं चित्र येई ते बव्हेरियातल्या ओक्सनकोप्फ डोंगरावरच्या प्रक्षेपकावरून, चॅनेल ४ वर. ही वारंवारता साधारण ६२ ते ६३ मेगाहर्ट्झची, म्हणजे अर्धी तरंगलांबी सुमारे २.४ मीटर. अँटेनाच्या आडव्या दांड्या त्याच मापाच्या लागतात. तीन-चार दांड्यांची अशी अँटेना छपरावर चढवली की गल्लीच्या टोकावरून दिसते, आणि तोंड कुठे आहे तेही दिसतं. १९६१ मध्ये बर्लिनची भिंत उभी राहिल्यावर युवक संघटनेच्या पथकांनी 'ओक्सनकोप्फ मोहीम' काढून अशा अँटेना फिरवल्या किंवा कापल्या. लोकांनी त्या छपराखाली, माळ्यावर नेल्या. कौलातून या वारंवारतेला फारसा अडथळा होत नाही. अडथळा होतो तो पत्र्याचा, धातूच्या पन्हळीचा आणि ओल्या छपराचा. माळा अरुंद असेल तर दांड्या टोकांना वाकवाव्या लागत, मग अँटेनाचं जुळणं बिघडे आणि चित्रात मुंग्या येत.

१९७३ मध्ये पक्षप्रमुख होनेकर यांनीच जाहीरपणे मान्य केलं की पश्चिमेचे कार्यक्रम ज्याला हवे तो लावतो नि बंद करतो. त्यानंतर छपरं उघडपणे भरली.

मग आला रंगाचा प्रश्न. पूर्व जर्मनीने १९६९ मध्ये रंगीत प्रक्षेपण सुरू केलं ते सेकाम पद्धतीने. पश्चिमेची पद्धत पाल. रेषांची संख्या सारखीच, ६२५, त्यामुळे चित्र यायचं, पण काळंपांढरं. रंग हवा तर टीव्ही संचात पाल डिकोडर बसवायचा. त्यातले कळीचे भाग दोन: ४.४३ मेगाहर्ट्झचा क्वार्ट्झ स्फटिक आणि सुमारे ६४ मायक्रोसेकंदांची विलंबरेषा (संकेत तेवढ्या उशिराने पुढे सोडणारा भाग). स्फटिक थोडा सरकला तरी रंग मुळीच धरत नाही. विलंबरेषेची मात्रा चुकली तर आडव्या रेघांची जाळी दिसते, खिडकीवरच्या पट्ट्यांसारखी. नंतरच्या संचांत दोन्ही पद्धती आल्या आणि हा खटाटोप संपला.

ड्रेस्डेनच्या खोऱ्यात आणि ईशान्येला ग्राइफ्सवाल्डच्या बाजूला मात्र काही केल्या चित्र येत नसे. त्या भागाला 'अजाणांची दरी' म्हणत. १९८० च्या दशकात तिथे शेजाऱ्यांनी पैसे काढून सामायिक अँटेना उभारल्या: उंच टेकडीवर एक खांब, वर्धक, आणि तिथून घराघरांत केबल. खड्डे खणणं, केबल पुरणं सगळं रहिवाशांनी केलं. @उंबरठा, तुमच्या 'एकेकट्याला' या शब्दाला हा अपवाद आहे.

नवखा_वाचक

छान माहिती. एक शंका. घरी पश्चिमेचं टीव्ही बघतात हे शाळेत कसं कळे? मुलं सांगत का?

रोहित्र

मुलांना विचारलं जाई, तेही आडून. बातम्यांच्या आधीच्या घड्याळाला ठिपके आहेत की रेघा, असं चित्र काढायला सांगत. पूर्वेचं आणि पश्चिमेचं घड्याळ वेगळं दिसे, मूल निष्पापपणे उत्तर देई. बालकार्यक्रमातल्या बाहुल्याबद्दलही असेच प्रश्न विचारत, कारण 'झांडमेन्शन' दोन्हीकडे होता आणि दोन्हीकडचा निराळा. म्हणून पालक मुलांना फार लहानपणी शिकवत की घरातलं घरात आणि शाळेतलं शाळेत. पूर्वेच्या बातम्या साडेसातला लागत, पश्चिमेच्या आठला. दोन्ही बघणारी घरं पुष्कळ होती.

टेपडेक

नाचगाण्यांसाठी तर टक्केवारीच ठरलेली होती. २ जानेवारी १९५८ च्या आदेशानुसार कार्यक्रमात वाजणाऱ्या संगीतापैकी ६० टक्के पूर्व जर्मनीचं किंवा समाजवादी देशांचं हवं, फार तर ४० टक्के पश्चिमेचं. डिस्कोवाल्याला सरकारी परीक्षा देऊन परवाना घ्यावा लागे. त्याचं अधिकृत नाव 'तबकडी-रंजक'. वाजवलेल्या गाण्यांची यादी स्वामित्वशुल्क गोळा करणाऱ्या संस्थेला, म्हणजे 'आवा'ला, द्यायची.

पळवाट याच यादीत होती. तपासणी मुख्यतः कागदाची, म्हणून कागदावर ६०:४० नीट बसवायचं आणि सभागृहात प्रमाण उलटं करायचं. शिस्तीचा माणूस सुरुवातीला, सभागृह रिकामं असताना, देशी गाणी उरकून घेई. धोका एकच: तपासनीस प्रेक्षक म्हणून येऊन बसला तर परवाना जाई.

ध्वनिमुद्रणाचं प्रकरण आणखी बोलकं आहे. 'डेटे ६४' हे तरुणांचं सरकारी रेडिओ केंद्र. त्यावरचा 'डुएट' हा कार्यक्रम खास रेकॉर्डरवाल्यांसाठी होता: अख्खा अल्बम, पश्चिमेचासुद्धा, मध्ये न बोलता वाजवायचे. दुकानात ती तबकडी क्वचितच मिळे. म्हणजे सरकारच घरोघरी प्रती काढू देत होतं. तयारी अशी: रेडिओ ते रेकॉर्डर पाच पिनांची वायर, आधीच्या गाण्यावर पातळी लावून घ्यायची, निवेदक थांबताच बटण दाबायचं. अल्बमची एक बाजू साधारण २० ते २२ मिनिटांची आणि ६० मिनिटांच्या कॅसेटची बाजू ३० ची. उरलेली आठ मिनिटं सुट्या गाण्यांनी भरायची, कारण कॅसेट महाग. ऑर्वोची ६० मिनिटांची कॅसेट २० मार्कांना. पावाचा गोळा ५ फेनिगला. एका कॅसेटच्या पैशांत ४०० पाव.

(ऑर्वो म्हणजे आपल्याकडच्या जुन्या फोटो स्टुडिओवाल्यांना फिल्ममुळे ठाऊक असलेली तीच कंपनी.)

उंबरठा

आत्तापर्यंतचं सगळं मोठ्या माणसांबद्दल झालं. पण किंमत वसूल होई ती चौदाव्या वर्षी, मुलांकडून.

आठवीत 'युगेंडवायहे' असे, म्हणजे तारुण्यदीक्षा. १९५५ पासून सुरू. चर्चच्या दृढीकरण विधीला (कन्फर्मेशन) दिलेलं हे राज्याचं उत्तर होतं. आधी दहा तयारी-वर्ग, मग सभागृहात समाजवादाशी निष्ठेची शपथ, फुलं, पुस्तक, घरी जेवण आणि भेटपाकिटं. कायद्याने ऐच्छिक. १९८० च्या दशकात ९० टक्क्यांहून अधिक मुलं ती घेत. यानंतर शिक्षकांनी मुलांना 'तू' न म्हणता आदरार्थी बोलवायचं असा रिवाज होता. आपल्या भाषेत तू आणि तुम्हीमधलं अंतर समजावून सांगावं लागत नाही. त्या वयात हा मान किती मोठा वाटत असेल ते कळतं.

नकार देणाऱ्याला शिक्षा होत नसे. त्याचं नाव बारावीपर्यंतच्या शाळेच्या यादीत येत नसे, इतकंच. प्रत्येक वर्गातून मोजकीच मुलं तिथे जात, त्यामुळे कारण द्यायची गरजच नव्हती. पाद्र्यांच्या हुशार मुलांना या यादीने किती ठिकाणी अडवलं! अनेक कुटुंबांनी तडजोड केली: यंदा तारुण्यदीक्षा, पुढल्या वर्षी चर्चमध्ये दृढीकरण.

मुलग्यांसाठी दुसरा उंबरठा सैन्याचा. सक्तीची सेवा १९६२ पासून, १८ महिने. १९६४ पासून शस्त्र न उचलता बांधकाम तुकडीत जाण्याची सोय झाली. वॉर्सा करारातल्या, म्हणजे सोव्हिएत लष्करी गटातल्या देशांत अशी सोय दुसरीकडे नव्हती. खांद्यावर फावड्याचं चिन्ह. फावडं निवडणाऱ्याला विद्यापीठाचं दार बहुधा बंद. मागणी असलेल्या अभ्यासक्रमासाठी तर मुलाने १८ महिन्यांऐवजी तीन वर्षं स्वेच्छेने सैन्यात काढावीत अशी अपेक्षा असे.

नियम मोडला नाही तरी किंमत पडे. म्हणून अँटेना आणि कॅसेटी यांना मी स्वातंत्र्य म्हणायला कचरतो.

जुळारी

@उंबरठा, सहमत. तरीही छपाईची बाजू मांडतो, कारण नियमाची कड ओळखणं म्हणजे काय ते तिथे फार स्पष्ट दिसतं.

कुठल्याही छापील कागदाला छपाई परवाना लागे, लग्नपत्रिकेसारख्या किरकोळ कामांनाही परवान्याचा हिशोब लागू. १९८० मध्ये चर्चच्या शांतता सप्ताहासाठी सॅक्सनीचे युवक-पाद्री हाराल्ड ब्रेटश्नायडर यांना 'तलवारींचे नांगर' हे बायबलच्या वचनावरचं शांततेचं चिन्ह (तलवार ठोकून नांगर करणारा माणूस) छापायचं होतं. त्यांनी ते कागदावर छापलंच नाही. न विणलेल्या कापडावर छापलं. कापडावरची छपाई म्हणजे 'वस्त्राच्या पृष्ठभागाची प्रक्रिया', तिला परवाना लागत नव्हता. आधी वाचनखुणा निघाल्या, पुढच्या वर्षी सुमारे एक लाख गोल तुकडे, बाहीवर शिवायला. चिन्हातला पुतळा सोव्हिएत शिल्पकार वुचेतिच यांचा, खुद्द सोव्हिएत संघाने १९५९ मध्ये संयुक्त राष्ट्रांना भेट दिलेला. बंदी घालावी तरी कशी?

१९८२ च्या वसंतात ती घातलीच. शाळेत, रस्त्यावर तुकडे उसवायला लावले. काही मुलांनी तेवढ्याच आकाराचं पांढरं वर्तुळ शिवून घेतलं. ते पाहून सगळ्यांना कळे.

दुसरी कड चर्चच्या अंतर्गत कागदांची. 'केवळ चर्चच्या अंतर्गत वापरासाठी' असा शेरा मारला की परवान्याशिवाय सायक्लोस्टाइल करता येई. स्टेन्सिल कापताना यंत्राची फीत काढून टाइप करायचं. जोर जास्त पडला तर 'ओ' अक्षराचा पोटातला गोल गळून पडतो आणि प्रतीवर काळा ठिपका उमटतो. एका स्टेन्सिलवर काहीशे प्रती, मग कडा फाटतात. आणीबाणीत आपल्याकडे भूमिगत पत्रकं काढणाऱ्यांनी हेच यंत्र वापरलं, त्यांना हे सांगायला नको. चर्चचं छत्र नसेल त्याला कार्बन कागदच: पातळ कागदाच्या सहा-सात प्रती, शेवटच्या जेमतेम वाचता येतात.

बर्लिनच्या झिओन चर्चच्या मंडळीच्या इमारतीच्या तळघरात १९८६ पासून 'पर्यावरण ग्रंथालय' होतं, छपाई तिथेच चाले. २४-२५ नोव्हेंबर १९८७ च्या मध्यरात्री गुप्तचर खात्याने धाड घातली. चर्चचा शेरा नसलेलं 'ग्रेन्झफाल' हे पत्रक छापताना पकडायचं होतं. सापडलं ते चर्चच्या छत्राखालचं 'उमवेल्टब्लेटर'. म्हणजे तो शेरा खरोखर कामाचा होता. चर्चपाशी मेणबत्त्या घेऊन लोक उभे राहिले आणि अटक झालेल्यांना काही दिवसांत सोडावं लागलं.

गाळणी

बागांबद्दल थोडक्यात, नाहीतर चित्र अपुरं राहील. शहराबाहेरचे बागेचे तुकडे १९५९ मध्ये स्थापन झालेल्या एका संघटनेमार्फत मिळत. आठवडाभर दबून असलेला माणूस शनिवारी तिथे मोकळा होई. पण तिथेही नियम: जमिनीचा एक तृतीयांश भाग फळं-भाज्यांना, कुंपणाची उंची ठरलेली, खोपटाचं क्षेत्रफळ ठरलेलं. जास्तीचा माल सरकारी केंद्र विकत घेई, आणि काही मालाचा खरेदीभाव दुकानातल्या विक्रीभावापेक्षा जास्त असे. सकाळी ससा विकून संध्याकाळी तोच कमी पैशांत परत घेता येई. टंचाई झाकण्यासाठी सरकार हा तोटा सोसे.

शिसपेन्सिल (धागाकर्ता)

सर्वांचे आभार. @उंबरठा, 'एकेकट्याला' हा शब्द मान्य. एकच प्रश्न: मतपेटीजवळ तो शब्द कधी पुसला गेला?

उंबरठा

७ मे १९८९ ला, स्थानिक निवडणुकीत. युक्ती पुन्हा कायद्यातलीच होती: मतमोजणी जाहीर असे, कोणीही उभं राहून पाहू शके. आजवर ती फारसं कोणी पाहत नसे. त्या दिवशी बर्लिन, लाइपझिग, ड्रेस्डेन अशा शहरांत लोकांनी केंद्रं वाटून घेतली. केंद्रं संध्याकाळी सहाला बंद झाली की मागे भिंतीला टेकून उभं राहायचं, केंद्रप्रमुख मोठ्याने वाचेल ते तीन आकडे कागदावर घ्यायचे: एकूण मतं, हो, नाही. वाद घालायचा नाही. कागद एका ठिकाणी आणून बेरीज करायची. काही केंद्रांवर निरीक्षकांना बाहेर काढलं गेलं, तेही लिहून ठेवायचं.

एका केंद्राच्या आकड्याने काहीच सिद्ध होत नाही, कारण जाहीर होतो तो अख्ख्या विभागाचा निकाल. विभागातली जवळपास सगळी केंद्रं झाकली तरच तुलना करता येते. बर्लिनच्या वाइसेनझे विभागात ते जमलं. मोजलेली 'नाही' मतं जाहीर आकड्याच्या दुपटीच्या घरात निघाली. त्याच रात्री निवडणूक आयोगाचे प्रमुख एगोन क्रेन्झ यांनी देशभरचा निकाल वाचला होता, ९८.८५ टक्के 'हो'.

मग लोकांनी आइनगाबे लिहिल्या, @अर्जदार यांनी सांगितल्या तशाच, तारखा आणि आकड्यांसह. आणि जूनपासून दर महिन्याच्या ७ तारखेला आलेक्सांडरप्लाट्झवर जमायला लागले.